तुझ्या वहीत पराभवांचा रकाना का नाही?

पत्र, थोडक्यात:

"मला एकोणीस पूर्ण झाली. बुद्धिबळ शिकलो तेराव्या वर्षी, म्हणजे तसा उशिराच. गेली दोन वर्षं रेटिंग 1780 च्या आसपास घुटमळतंय. मी एक वही केली आहे. डावीकडे वय, उजवीकडे त्या वयात मोठ्या खेळाडूंनी काय मिळवलं ते. बारासमोर अभिमन्यू मिश्रा, कर्याकिन आणि गुकेश, तेरासमोर कार्लसन, पंधरासमोर फिशर आणि ज्युडिट पोल्गार, अठरासमोर गुकेशचं जगज्जेतेपद, एकोणीससमोर दिव्या देशमुख. ही वही उघडली की पट मांडावासाच वाटत नाही. कॉलेजला एक वर्ष सुट्टी देऊन पूर्णवेळ खेळावं असं मनात आहे. बाबा म्हणतात, आता छंद म्हणून ठेव. खरंच उशीर झालाय का? – पटासमोर बसलेला"

प्रिय पटासमोर बसलेल्या,

आधी सरळ उत्तरं देते, म्हणजे पुढचं वाचताना जीव टांगणीला राहणार नाही. जगज्जेता व्हायला उशीर झालाय का? हो, झालाय. एकोणिसाव्या वर्षी 1780 वर असलेला मुलगा आजच्या काळात त्या खुर्चीपर्यंत पोचत नाही आणि तुला बरं वाटावं म्हणून मी वेगळं काही सांगणार नाही. चांगला, तगडा, समोरच्याला घाम फोडणारा खेळाडू व्हायला उशीर झालाय का? अजिबात नाही. कॉलेज सोडावं का? नाही.

गंमत अशी की तुझ्या पत्रात 'मला जगज्जेता व्हायचंय' असं एकदाही आलेलं नाही. मी दोनदा वाचून पाहिलं. ते तुझी वही म्हणते आहे, तू नाही. म्हणून आधी त्या वहीचंच बघू.

तिच्यातली माहिती बरोबर आहे. कर्याकिन 2002 मध्ये 12 वर्षं 7 महिन्यांचा असताना ग्रँडमास्टर झाला. 2021 मध्ये अभिमन्यू मिश्राने तो विक्रम 12 वर्षं 4 महिने 25 दिवसांवर आणला. गुकेशने 2019 च्या जानेवारीत किताब मिळवला तेव्हा कर्याकिनचा विक्रम त्याच्या हातून अवघ्या 17 दिवसांनी निसटला होता. सगळं खरं. पण तू थांबलास तिथून एक पाऊल पुढे जा. 'सर्वांत लहान ग्रँडमास्टर' हा मान फिशरनंतर कोणाकोणाकडे गेला? 1991 मध्ये ज्युडिट पोल्गार, मग पीटर लेको, एतियेन बाक्रो, रुस्लान पोनोमारियोव, बू शियांगझी, कर्याकिन, मिश्रा. यातलं कोण निर्विवाद जगज्जेता झालं? एकही नाही. पोनोमारियोवने 2002 मध्ये फिडेचं, म्हणजे जागतिक बुद्धिबळ महासंघाचं, विजेतेपद मिळवलं, पण तेव्हा मुकुटाचे दोन तुकडे झाले होते आणि दुसरा तुकडा क्रॅमनिककडे होता. लेको 2004 मध्ये क्रॅमनिकविरुद्ध शेवटच्या डावापर्यंत पुढे होता, नुसती बरोबरी केली असती तरी पुरे होतं. तो डाव हरला, लढत 7-7 अशी सुटली आणि किताब क्रॅमनिककडेच राहिला. कर्याकिनने 2016 मध्ये कार्लसनला टायब्रेकरपर्यंत खेचलं आणि तिथे हरला.

उलट ज्यांनी मुकुट मिळवला त्यांच्याकडे बघ. आनंद ग्रँडमास्टर झाला तेव्हा अठरा वर्षांचा होता, 1988 मध्ये. आजच्या घाईत अठराव्या वर्षी पहिला किताब म्हणजे लोक हळहळतील. तो पुढे पाच वेळा जगज्जेता झाला. म्हणजे किती लवकर पोचला हे लिहून ठेवलंस तर तेवढंच कळतं, आधी कोण पोचलं. पुढे कोण कुठे जाणार हे त्या रकान्यात कुठेच नसतं.

आता तू म्हणशील, मग उशिरा शिकलेल्यांची वही करतो. थांब. ती यादीही मिळते आणि ती तितकीच फसवी आहे. मिखाईल चिगोरिनला सोंगट्यांच्या चाली कळल्या सोळाव्या वर्षी आणि तो मनापासून खेळू लागला ते चोविशीच्या आसपास. पुढे त्याने स्टाइनिट्झला जगज्जेतेपदासाठी दोनदा आव्हान दिलं, 1889 आणि 1892 मध्ये, दोन्ही वेळा हवानात. चीनचा ये जियांगचुआन सतराव्या वर्षी हा खेळ शिकला आणि ग्रँडमास्टर झाला, पण आधी तो चिनी बुद्धिबळ खेळत होता, म्हणजे डोकं कोरं नव्हतं. ब्लॅकबर्न सतरा-अठराचा होता तेव्हा अमेरिकन खेळाडू मॉर्फीच्या युरोप दौऱ्याची कीर्ती ऐकून ड्राफ्ट्स हा सोंगट्यांचा खेळ सोडून बुद्धिबळाकडे वळला. या गोष्टी वाचून दोन दिवस हुरूप येतो. तिसऱ्या दिवशी तू परत 1780 वरच असतोस. चिगोरिनच्या काळात सात वर्षांची मुलं इंजिन, म्हणजे बुद्धिबळ खेळणारा संगणक, घेऊन बसत नव्हती, हेही विसरू नकोस.

चिगोरिनकडून घ्यायचं तर दुसरंच काही घे. 1892 च्या लढतीचा तेविसावा डाव पटावर मांडून बघ. आधी दहा डाव जिंकेल तो विजेता असा नियम होता. स्टाइनिट्झ 9-8 ने पुढे. या डावात चिगोरिनकडे एक सोंगटी जास्त होती, जिंकला असता तर 9-9 झालं असतं. काळ्याचे दोन्ही हत्ती त्याच्या राजाशेजारच्या रांगेत घुसले होते आणि त्याचा एक उंट राजासमोरच्या प्याद्याला राखून बसला होता. बत्तिसाव्या चालीला चिगोरिनने तोच उंट उचलला आणि बाजूला नेला. हत्तीने प्यादं मारलं, शह, पुढच्या चालीत मात. लढत संपली. जगज्जेतेपदाच्या इतिहासातल्या सर्वांत दुखऱ्या चालींपैकी ही एक. पण त्याच चिगोरिनने 1895 मध्ये हेस्टिंग्जला, जिथे त्या काळचे बहुतेक सगळे दिग्गज जमले होते, दुसरा क्रमांक मिळवला. स्टाइनिट्झ आणि लास्कर दोघंही त्याच्या मागे राहिले.

तुझ्या वहीत हेच नाही. मोठ्या माणसांनी काय मिळवलं ते आहे, कुठे आपटले आणि त्यानंतरच्या वर्षी काय केलं ते नाही. वय तुला उसनं घेता येणार नाही. आपटल्यानंतरचं काम मात्र कोणालाही उचलता येतं. तेव्हा वयाचा रकाना खोडून टाक आणि तिथे 'हरला कधी, आणि मग काय केलं' असा रकाना आख. पहिल्या चार नोंदी मी देते, बाकीच्या तू शोध.

बोटविनिक. 1957 मध्ये जगज्जेतेपदाची लढत स्मिस्लोवकडून हरला, 1958 मध्ये परत जिंकला. 1960 मध्ये तेवीस वर्षांच्या तालने त्याला अक्षरशः उडवून लावलं, 12.5-8.5. तालचं खेळणं म्हणजे पटावर वणवा: घोडा दे, उंट दे, समोरच्याला हिशेबच लागू देऊ नको, घड्याळ पळतंय तेवढ्यात मात. बोटविनिक तेव्हा पन्नाशीला टेकलेला, व्यवसायाने विद्युत अभियंता. पुढच्या वर्षी परतीच्या लढतीत तो 13-8 ने जिंकला. केलं काय? तो तालपेक्षा जलद झाला नाही, त्याहून धाडसीही झाला नाही. तालला जिथे मजा येते तिथे जायचंच नाही, एवढं त्याने ठरवलं. वजिरावजिरी लवकर, बंद स्थिती, लांबलचक अंतिम टप्पा. ताल त्या काळात मूत्रपिंडाच्या आजाराने त्रस्त होता, हेही प्रामाणिकपणे लिहून ठेव, नाहीतर गोष्ट फार सोपी होते. तरीही 1960 ते 1961 मधले बोटविनिकचे डाव शेजारी शेजारी ठेवून खेळून बघ. एका प्रौढ माणसाने स्वतःच्या पराभवाचा केलेला एवढा रोखठोक अभ्यास क्वचितच बघायला मिळतो.

अलेखिन. 1927 च्या सुरुवातीला न्यूयॉर्कच्या स्पर्धेत तेव्हाचा जगज्जेता कापाब्लांकाने त्याला अडीच गुणांनी मागे टाकलं होतं. तोपर्यंत अलेखिनने कापाब्लांकाविरुद्ध एकही डाव जिंकलेला नव्हता. आणि कापाब्लांका म्हणजे 1916 ते 1924 अशी आठ वर्षं न हरलेला माणूस. त्याच वर्षी सप्टेंबरात ब्युनोस आयर्सला जगज्जेतेपदाची लढत ठरलेली. कोणीही अलेखिनवर पैज लावली नसती. त्याने न्यूयॉर्कचे डाव उघडले आणि हरल्याचं दुःख बाजूला ठेवून कापाब्लांकाचे कच्चे दुवे शोधले. त्याला दिसलं की हा माणूस स्वतःच्या अंतःप्रेरणेवर इतका विसंबतो की काही स्थितींत पुरेसं खोल मोजतच नाही. मग हल्ल्यासाठी प्रसिद्ध असलेला अलेखिन कंटाळवाणं, चिवट खेळला. 34 डाव चालले, त्यांतल्या 32 डावांत एकच ओपनिंग, वजीरपक्षीय गॅम्बिट नाकारून. सहा जिंकले, तीन हरले, पंचवीस बरोबरीत. मुकुट त्याच्याकडे. (पुढे त्याने कापाब्लांकाला परतीची लढत कधीच दिली नाही. मोठा खेळाडू असणं आणि मोठ्या मनाचा असणं या वेगळ्या गोष्टी आहेत, एवढं म्हणून पुढे जाते.)

आनंद. 2013 च्या नोव्हेंबरात चेन्नईत, घरच्या लोकांसमोर, कार्लसनविरुद्ध दहा डावांत एकही विजय नाही. 6.5-3.5. तो चव्वेचाळिशीला आला होता, आणि आता संपला असं म्हणणाऱ्यांची कमी नव्हती. चारच महिन्यांनी खांती-मान्सिस्कला आव्हानवीरांच्या स्पर्धेत तो एकही डाव न हरता पहिला आला. 2014 ची लढतही कार्लसनने जिंकली. पण 2017 च्या डिसेंबरात, 48 वर्षांचा असताना, आनंद जलदगती प्रकारात जगज्जेता झाला. जो प्रकार तरुण हातांचा आणि तरुण डोळ्यांचा समजला जातो, त्यात.

चौथी नोंद हम्पीची. एकोणीससमोर तू दिव्या देशमुखचं नाव लिहिलंस, ते योग्यच. 2025 च्या जुलैमध्ये बाटुमीला महिला विश्वचषक जिंकला, त्याआधी ग्रँडमास्टरचा एकही नॉर्म, म्हणजे किताबासाठी स्पर्धेत करावी लागणारी ठरावीक कामगिरी, नावावर नव्हता आणि या विजयाने थेट किताबच मिळाला. पण अंतिम फेरीत तिच्यासमोर कोण बसलं होतं? कोनेरू हम्पी, वय 38. 2002 मध्ये पंधराव्या वर्षी ग्रँडमास्टर होऊन जिने ज्युडिट पोल्गारचा महिलांमधला विक्रम मोडला, म्हणजे तुझ्या वहीत पंधरासमोर असायला हवी होती आणि नाही, तीच. 2017 मध्ये ती आई झाली, खेळापासून लांब राहिली. परत आली ती 2018 मध्ये, आणि 2019 च्या अखेरीला जलदगतीची जगज्जेती. 2024 मध्ये न्यूयॉर्कला पुन्हा तेच विजेतेपद. तिची कारकीर्द वयाच्या रकान्यात भरायला गेलास तर पंधरासमोर एक ओळ येईल आणि पुढे वीस वर्षांचा कोरा कागद. प्रत्यक्षात त्या कागदावर केवढं काही आहे.

गुकेशबद्दलही एक सांगते, कारण त्याच्या अठराव्या वर्षाने तुला सगळ्यात जास्त छळलंय. डिसेंबर 2024, सिंगापूर, चौदावा आणि शेवटचा डाव, गुण 6.5-6.5. गुकेशकडे काळी मोहरी. पटावर दोघांचा एकेक हत्ती, एकेक उंट आणि गुकेशचं एक प्यादं जास्त. नीट बचाव केला तर बरोबरी होते अशी स्थिती. गुकेश बरोबरी मान्य करून दुसऱ्या दिवशीच्या टायब्रेकरला जाऊ शकत होता, पण तो खेळत राहिला. पंचावन्नाव्या चालीला थकलेल्या डिंग लिरेनने हत्तीची मारामारी देऊ केली. डिंगचा उंट कोपऱ्यात अडकलेला होता. हत्ती गेले की उंटही मारून घ्यावा लागणार होता आणि उरलेली प्याद्यांची लढाई गुकेश जिंकणार होता. गुकेशच्या ते लक्षात आलं तेव्हा त्याचा चेहरा बघ, चित्रफीत सगळीकडे आहे. यात अठराव्या वर्षाचा वाटा आहे, ताज्या दमाचा. पण जे तुला करता येण्यासारखं आहे ते असं: बरोबरीची वाटणारी स्थिती आणखी वीस चाली नेटाने खेळायची. तुझ्या गेल्या दहा स्पर्धांत तू किती डाव 'बरोबरीच आहे' म्हणून हात मिळवून सोडलेस, ते एकदा मोज.

आता तुझं रेटिंग.

दोन वर्षं तिथेच आहे याचा अर्थ तू तिथेच आहेस असा होत नाही. नियम बघ. वयाची अठरा ज्या वर्षी पूर्ण होतात ते वर्ष संपेपर्यंत, रेटिंग 2300 च्या खाली असेल तर, खेळाडूचा के-गुणक, म्हणजे एका डावाने रेटिंग किती हलेल ते ठरवणारा आकडा, 40 असतो. त्यानंतर 20. म्हणजे तोडीच्या खेळाडूला हरवल्यावर पूर्वी तुला 20 गुण मिळायचे, आता 10 मिळतात. तू तेवढंच चांगलं खेळलास तरी आकडा निम्म्या वेगाने हलणार. त्यात समोर बसणारी दहा-बारा वर्षांची मुलं कागदावर 1600 असतात आणि पटावर 1850 सारखी खेळतात, कारण त्यांचा आकडा त्यांच्या प्रगतीच्या मागे धावत असतो. मी पंच म्हणून टेबलांमधून फिरते तेव्हा हे प्रत्येक स्पर्धेत दिसतं: अकरा वर्षांचं पोर चाल खेळून, स्कोअरशीटवर लिहून, शेजारच्या टेबलावर डोकावायला जातं, आणि समोरचा मोठा मुलगा डोकं धरून बसलेला असतो. रेटिंग हे माप आहे, आणि माप बसवणारेही ते अधूनमधून दुरुस्त करतात. मार्च 2024 मध्ये फिडेने 2000 च्या खालच्या सगळ्यांचं रेटिंग एकदम वर उचललं, 2000 पर्यंत जेवढं अंतर त्याच्या 40 टक्के. 1600 चा खेळाडू एका रात्रीत 1760 झाला. एक चालही न खेळता! तेव्हा त्या आकड्याकडे रोज बघणं बंद कर. सहा महिन्यांतून एकदा पुरे.

त्याऐवजी शेवटचे तीस-चाळीस हरलेले डाव काढ, मोठ्या वेळेचे. ब्लिट्झचे, म्हणजे काही मिनिटांत संपणारे, नकोत, त्यातून काही शिकायला मिळत नाही, नुसती सवय वाढते. प्रत्येक डावात तीन गोष्टी स्वतःच्या हाताने लिही: डाव कुठल्या चालीला फिरला, तेव्हा घड्याळात किती वेळ होता आणि ती चाल खेळताना तुझ्या मनात काय होतं. तिसरं सगळ्यात महत्त्वाचं. इंजिन त्यानंतरच उघड. आधी उघडलंस तर ते तुला बरोबर चाल सांगेल आणि तू मान हलवशील, पण तू चुकीची का खेळलास ते त्याला ठाऊक नसतं. बोटविनिक शिकवायचा की आपल्या डावांचं विश्लेषण लिहा आणि लोकांसमोर ठेवा, म्हणजे चुका दुसरे दाखवतील. त्याच्या हाताखालून कारपोव, कास्पारोव आणि क्रॅमनिक गेले, तेव्हा पद्धत वाया गेली असं म्हणता येणार नाही. तुझ्यापेक्षा दोनशे गुणांनी वर असलेला एखादा खेळाडू शोध आणि ते डाव त्याला दाखव. लाज वाटेल. वाटू दे.

मला अंदाज आहे तुला काय सापडेल. 1700-1800 च्या पट्ट्यातले निम्मे डाव घड्याळ संपत आल्यावर जातात, आणि उरलेल्यांपैकी बरेच हत्तींच्या अंतिम टप्प्यात. लुसेनाची स्थिती जिंकून दाखव, फिलिडोरचा बचाव करून दाखव, असं मी तुझ्या रेटिंगच्या मुलांना सांगते तेव्हा दहांतले तिघेचौघेच न अडखळता करतात. बाकीचे ओपनिंगच्या विसाव्या चालीपर्यंत पाठ म्हणून दाखवतात. रुबिनस्टाइनचे हत्तींचे शेवट एकेक करून पटावर खेळ. तो 1912 मध्ये एका वर्षात पाच मोठ्या स्पर्धांत अव्वल आला आणि तरीही जगज्जेतेपदासाठी त्याला कधी खेळायलाच मिळालं नाही. तुझ्या वहीतल्या हिशेबाने तो अयशस्वी ठरतो. त्याचे ते शेवट मात्र आजही ग्रँडमास्टर अभ्यासतात.

पूर्णवेळ वर्षाबद्दल. फिडे मास्टरला 2300 लागतात, इंटरनॅशनल मास्टरला 2400 आणि तीन नॉर्म, ग्रँडमास्टरला 2500 आणि तीन नॉर्म. 1780 वरून एका वर्षात यातलं काही हाती लागणार नाही, हे तुलाही ठाऊक आहे. मग वर्ष संपेल तेव्हा तू 1900 वर असशील, जे खरं तर छानच आहे, पण कॉलेज सोडून 1900 म्हटल्यावर ते तुलाच अपयश वाटेल. आणि दिवसाचे आठ तास नुसतं बुद्धिबळ हे आधीच दमलेल्या माणसाला मानवत नाही. रोज दोन तास, नेमाने, वर ज्या पद्धतीने सांगितलं तसे, आणि वर्षाला पाच-सहा मोठ्या वेळेच्या स्पर्धा. एवढ्यात मी मुलांना 2000 ओलांडताना पाहिलंय.

आणि हे कमीपणाचं मानू नकोस. मॅक्स युवे गणिताचा शिक्षक होता. 1935 मध्ये त्याने अलेखिनला 15.5-14.5 असं हरवून जगज्जेतेपद घेतलं, दोन वर्षांनी परतीच्या लढतीत गमावलं, आणि 1970 पासून आठ वर्षं फिडेचा अध्यक्ष राहिला. लास्कर 27 वर्षं जगज्जेता होता आणि मधल्या काळात गणितात असं काम केलं की बीजगणितातल्या एका सिद्धान्ताला आजही त्याचं नाव आहे. स्मिस्लोवला ऑपेरा गायक व्हायचं होतं, 1950 मध्ये बोल्शोईची निवडचाचणी दिली, जमलं नाही, सात वर्षांनी जगज्जेता झाला. आणि 1984 मध्ये, साठी ओलांडल्यावर, आव्हानवीरांच्या अंतिम लढतीत कास्पारोवसमोर बसला. कास्पारोव तेव्हा एकविशीतही नव्हता. ग्रँडमास्टर तैमानोव व्यावसायिक पियानोवादक. केनेथ रोगॉफ ग्रँडमास्टर होऊन अर्थशास्त्रात गेला आणि आंतरराष्ट्रीय नाणेनिधीचा मुख्य अर्थतज्ज्ञ झाला. हे सगळे तुझ्यापेक्षा कितीतरी पटींनी वरचे, मान्य. पण दोन गोष्टी एका आयुष्यात बसत नाहीत असं मानणाऱ्यांपैकी यातला कोणीच नव्हता.

शिवाय पटाभोवती खेळाडूखेरीजही कामं असतात. मार्क ड्वोरेत्स्की इंटरनॅशनल मास्टर होता, ग्रँडमास्टर कधी झाला नाही. खेळणं मागे ठेवून शिकवण्याकडे वळला आणि जगातले बडे बडे ग्रँडमास्टर त्याच्याकडे अंतिम टप्पा शिकायला यायचे. आर. बी. रमेश 2002 चा ब्रिटिश विजेता, स्वतः ग्रँडमास्टर. तरुणपणीच स्पर्धा बाजूला ठेवून प्रशिक्षक झाला, आणि प्रज्ञानंद त्याच्याच तालमीत तयार झाला. तुला आज यातलं काही ठरवायचं नाही. फक्त 'खेळाडू नाहीतर काहीच नाही' असं दोनच खणांचं कपाट डोक्यात असेल तर ते काढून टाक.

बाबांशी भांडू नकोस. ते 'छंद म्हणून ठेव' म्हणतात ते तू कॉलेज सोडशील या भीतीने. कॉलेज सोडत नाही, हे त्यांना आधी सांग, मग वर्षाच्या पाच स्पर्धांची तारखांसकट यादी समोर ठेव. परीक्षेच्या आसपासची एकही त्यात नको. वाटाघाटी सोप्या होतील, असं माझं मत.

पत्राच्या खाली बारीक अक्षरात विचारलंयस: फिशर आणि कास्पारोव दोघंही सिसिलियन बचावातला नायडॉर्फ प्रकार खेळायचे, मग राजाच्या प्याद्याविरुद्ध मीही तेच शिकू का? आत्ता नको. नायडॉर्फमध्ये दर सहा महिन्यांनी काहीतरी नवं निघतं आणि ते पाठ करण्यात तुझे रोजचे दोन तास जातील, हत्तींचे शेवट तसेच राहतील. कॅरो-कान बचाव घे, किंवा सरळ राजाचं प्यादं दोन घरं पुढे टाकून खुला डाव खेळ. क्रॅमनिकने 2000 मध्ये कास्पारोवला लंडनमध्ये हरवलं ते यातल्याच बर्लिन बचावाने. आठव्या चालीला वजीर उतरतात, काळ्याचा राजा किल्लेकोट न करता मध्येच अडकतो, बघणाऱ्याला वाटतं याचं आता काही खरं नाही. कास्पारोव पंधरा डावांत एकदाही जिंकू शकला नाही. ते डाव आधी बघ, इंजिन बंद ठेवून, आणि आठव्या चालीनंतर काळ्याची प्रत्येक चाल स्वतः ओळखायचा प्रयत्न कर. पहिल्या डावात दहांतल्या तीन ओळखल्यास तरी मला कळव.